छंद खाजगी असू द्या, हिशेब खाजगी नको

नवी वस्तू घरात कशी न्यायची, याचं छंदी मंडळींनी एक शास्त्रच बनवलं आहे. पार्सल कामाच्या पत्त्यावर मागवायचं. खोका बाहेरच टाकायचा आणि आतला माल रोजच्या पिशवीतून आणायचा. नवी सायकल जुनीच्याच रंगाची घ्यायची, म्हणजे दोनाच्या तीन झाल्या हे पटकन ध्यानात येत नाही. पैसे निम्मे रोख द्यायचे, निम्मे कार्डाने. कुणी विचारलंच, तर तीन उत्तरं तयार असतात: 'जुनीच आहे, माळ्यावर पडली होती', 'मित्राने वापरायला दिली आहे', 'सवलतीत निम्म्या किमतीला मिळाली'. कॅमेरेवाले हे हसत सांगतात, फाउंटन पेनं जमवणारे सांगतात, गळ टाकून मासे धरणारे सांगतात. लोकरीच्या लडी कपाटात कपड्यांमागे दडवणाऱ्या बायकाही सांगतात, तेव्हा हा एकट्या पुरुषांचा खेळ समजायचं कारण नाही.

विनोद म्हणून सोडून द्यावं असंच हे वाटतं. पण नवा माणूस छंदात शिरतो तो हे विनोद ऐकतच, आणि हत्यार कसं धरायचं याबरोबर घरी काय सांगायचं नाही हेही शिकतो. मंडळातल्या जुन्या लोकांनीच किमती निम्म्या करून सांगितल्या, तर नव्याला त्यात काही खटकत नाही. माझं म्हणणं एवढंच आहे की छंद खुशाल स्वतःपाशी ठेवावा. त्यासाठी लागणारा वेळ, पैसा, जागा आणि जिवाची जोखीम मात्र दोघांच्या खात्यातून जाते. त्या खात्यातल्या नोंदी एकाने खोडायला सुरुवात केली की नातं पोखरलं जातं, मग छंद कितीही निरुपद्रवी असो.

लग्न झालं म्हणून मनाचा प्रत्येक कप्पा उघडा ठेवायला कुणी बांधील नाही. कविता लिहिणारा वही दाखवत नसेल, गाणं शिकणारी दार लावून रियाज करत असेल, चित्र पुरं होईपर्यंत कुणी खोलीत यायचं नाही असा कुणाचा दंडक असेल, तर त्यात फसवणूक नाही. नवशिक्याला आडोसा लागतोच. कच्च्या कामावर जवळच्या माणसाने सहज टाकलेला शेरासुद्धा हात आखडून टाकतो. 'मी संध्याकाळी तासभर लिहितो, काय लिहितो ते विचारू नकोस' असं सांगितलेल्या माणसाने काहीही लपवलेलं नाही. तोच माणूस त्याच तासासाठी 'कामावर उशीर झाला' म्हणाला, की छंद तसाच राहतो पण व्यवहार बदलतो.

कामाची सबब सर्रास वापरली जाते, आणि तीच सगळ्यांत महाग पडते. कारण ती ऐकून समोरचा नुसता गप्प बसत नाही, तो काहीतरी करतो. मुलांना आणायला स्वतः जातो, आपला बेत रद्द करतो, दमून येणाऱ्याला आणखी त्रास नको म्हणून घरातली कटकट स्वतःच निस्तरतो. ही काळजी खोटं कारण दाखवून मिळवलेली असते. बिंग फुटतं तेव्हा जोडीदार छंदाचे तास मोजत बसत नाही. त्या तासांत आपण काय काय सोसलं, ते त्याला आठवतं. 'मी कुठे काय वाईट करत होतो, नुसती रेल्वेची मॉडेलं तर बनवत होतो' हा बचाव म्हणूनच लागू पडत नाही. तक्रार मॉडेलांविषयी नसतेच.

आडोसा कुठे संपला आणि लपवाछपवी कुठे सुरू झाली, हे ओळखायला दोन प्रश्न पुरतात. जोडीदाराने आज सरळ विचारलं, तर सरळ उत्तर देता येईल का? आणि हे बाहेर किती जणांना माहीत आहे? दुसऱ्या प्रश्नाकडे सहसा दुर्लक्ष होतं. मंडळातले दहा जण, दुकानदार आणि कामावरचा शेजारी यांना ठाऊक आहे, फक्त घरात ठाऊक नाही, अशी स्थिती असेल तर ते खाजगीपण उरत नाही. एका माणसाला ठरवून बाहेर ठेवलं आहे, आणि पुढे त्या माणसाला सगळ्यांत जास्त लागतं ते हेच.

गुपिताचं ओझं नेमकं कशात असतं, यावर कोलंबिया विद्यापीठाचे मायकेल स्लेपियन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २०१७ साली बरंच काम प्रसिद्ध केलं. त्यांनी गुपितांचे ३८ प्रकार ठरवले. त्यांत लपवलेला छंद हाही एक प्रकार आहे. माणूस त्यांपैकी सरासरी १३ गुपितं बाळगून असतो आणि त्यांतली ५ त्याने कुणालाच सांगितलेली नसतात. समोरच्यापासून गोष्ट लपवण्याचा प्रसंग त्या मानाने क्वचित येतो, पण एकटं असताना मन त्या गोष्टीकडे पुन्हा पुन्हा वळतं, आणि माणूस खचतो तो त्या वळण्याने, असं त्यांना दिसलं. छंदाच्या बाबतीत हे विचित्रच होऊन बसतं. डोकं हलकं व्हावं म्हणून जे धरलं, तेच डोक्यात खिळ्यासारखं रुतून बसतं. कार्डाचं बिल कधी येईल, पार्सल सुट्टीच्या दिवशी घरीच येऊन धडकेल का, नखातला रंग निघाला का, याच विचारात छंदाचा निम्मा आनंद सरतो.

उरलेला निम्मा सांगता येत नाही म्हणून वाया जातो. शेली गेबल आणि सहकाऱ्यांनी २००४ मध्ये दाखवलं की चांगली घटना कुणाला सांगितल्याने मिळणारं समाधान त्या घटनेच्या समाधानावर वरकड असतं, आणि ऐकणाऱ्याने उत्साहाने चार प्रश्न विचारले तर ते आणखी वाढतं. महिनाभर अडलेली तान आज गळ्यातून निघाली, शनीची कडी पहिल्यांदा स्वच्छ दिसली, सांधा कुठेही फट न राहता बसला, असे क्षण रोज येत नाहीत. ज्या माणसाबरोबर राहायचं, त्याच्यासमोर तेवढ्याच क्षणी चेहरा कोरा ठेवायचा. आपल्या माणसाला कशाने आनंद होतो हेच आपल्याला ठाऊक नव्हतं, हा धक्का पुढे खोट्याच्या धक्क्याइतकाच मोठा असतो.

आता पलीकडच्या बाजूने पाहा. लपवलेल्या छंदाची चिन्हं कोणती? फोन उपडा ठेवला जातो, परतायच्या वेळा बदलतात, रोख पैसे जास्त काढले जातात, घरी आल्या आल्या अंघोळ होते, नवे संकेतशब्द येतात, आणि एरवी कुरकुरणारा माणूस काही संध्याकाळी विनाकारण खुशीत असतो. ही यादी वाचून जोडीदाराच्या मनात पतंगबाजी येईल का? त्याला बाहेरचं प्रकरण दिसतं, कर्ज दिसतं, एखादं लपवलेलं आजारपण दिसतं. कुठेतरी पाणी मुरतंय एवढं कळलेलं असतं, कुठे ते कळत नाही, म्हणून तो सगळ्या भिंती ठोकून पाहतो. शेवटी खरं बाहेर येतं तेव्हा छंदी माणसाला वाटतं, चला, निदान भलतंसलतं नव्हतं, आता समोरच्याला हायसं वाटेल. तसं होत नाही. सुटका एखादा दिवस टिकते, मग मागचे महिने नव्याने तपासणं सुरू होतं. त्या दिवशी खरंच बैठक होती का? ती भेटवस्तू खरंच तेवढ्याची होती का? 'एवढ्याशा गोष्टीसाठी हा इतकं सहज खोटं बोलू शकतो, तर मोठ्या गोष्टीसाठी काय करेल?' गोष्ट क्षुल्लक होती हा मुद्दा छंदी माणूस बचावासाठी पुढे करतो, आणि तोच त्याच्यावर उलटतो.

नात्याचं राहू द्या, लपवण्याने खुद्द छंदाचं किती नुकसान होतं हे छंदी लोकसुद्धा मोजत नाहीत. खरेदीची पावती म्हणजे पुरावा, म्हणून ती फाडली जाते, आणि पावतीबरोबर वॉरंटीही जाते. पार्सल घरी उघडता येत नाही, ते पिशवीत पडून राहतं, आणि माल सदोष निघाला तर परत करायची मुदत उलटलेली असते. मोठी रक्कम नजरेत येईल म्हणून थोडं थोडं घ्यायचं, त्यात एकगठ्ठा घेतल्याची सूट बुडते आणि दर खेपेला पाठवणीचा खर्च वेगळा पडतो. घरातल्या सामानाच्या विम्यात वस्तूची नोंद नसते, त्यामुळे चोरी झाली तरी दावा करायची सोय नाही. आणि वस्तू जिथे दडवली जाते तिथे ती खराब होते. कॅमेऱ्याची लेन्स कपाटाच्या तळाशी कपड्यांत गुंडाळून ठेवली की अंधार, कोंडलेली हवा आणि ओल मिळून काचेवर बुरशी धरतात. लेन्सला ४० ते ५० टक्के आर्द्रतेची कोरडी पेटी लागते, आणि अशी पेटी लपत नाही. लोकरीला कसर लागते. शाई भरून दडवलेल्या पेनात ती वाळून निब आणि निबेला शाई पुरवणारं फीड दोन्ही तुंबतात. पोस्टाची तिकिटं दमट जागी एकमेकांना चिकटली, की मागचा गोंद गेला आणि त्याबरोबर किंमतही गेली.

खर्चाचा अंदाजही चुकतो, कारण तो मोठ्याने सांगावा लागत नाही. पहिली वस्तू हा बहुतेक छंदांत प्रवेशाचा खर्च असतो. कॅमेऱ्याच्या बॉडीपुढे लेन्सा भारी पडतात. दुर्बिणीतून लांब एक्सपोजरचे फोटो काढायचे झाले, तर आकाशाच्या गतीने फिरणारं माउंट, म्हणजे दुर्बीण बसवायची बैठक, दुर्बिणीच्या नळीहून महाग पडू शकतं. सायकलची साखळी झिजून ०.५ टक्क्याच्या आसपास लांबली की बदलायची, नाहीतर ती मागची दातेरी चक्रं खाते आणि खर्च कितीतरी पट वाढतो. मत्स्यालयाला टाकीखेरीज फिल्टर, हीटर, दिवे, पाणी तपासायचे संच आणि वर्षभराची वीज लागते. (मत्स्यालय लपवायचा विचार कुणी करणार नाही म्हणा, २०० लिटरच्या टाकीत नुसतं पाणीच २०० किलो असतं.) उघड्यावरच्या छंदात 'आता पुरे' म्हणणारं कुणीतरी असतं. चोरून चालवलेल्या छंदात ते म्हणणारा आपणच, आणि आपण तर विकत घ्यायला निघालेलो असतो.

छंदी मंडळींत एक जुना विनोद चालतो: 'मी गेल्यावर ही माझं सगळं सामान मी तिला सांगितलेल्या किमतीला विकून टाकील, एवढीच भीती आहे.' यातलं हसू सोडलं तर उरतं ते खरंच घडतं. मालक गेल्यावर संग्रह बाजारात येतो तेव्हा घरच्यांना त्यातलं मौल्यवान काय आणि किरकोळ काय हे कळत नाही, आणि घेणाऱ्याला ते नेमकं कळतं. यावर उपाय एका पानाचा आहे. वस्तू, घेतल्याचं वर्ष, दिलेली खरी किंमत, आज येऊ शकेल ती किंमत, आणि विकायचं झालं तर कुणाला विचारायचं त्याचं नाव. हे पान जोडीदाराला माहीत असलेल्या जागी ठेवायचं. ज्याला ते लिहिता येत नाही, त्याने कशाची लाज वाटते ते स्वतःला विचारावं.

जोखमीच्या बाबतीत मात्र मला विनोदसुद्धा चालत नाही. लाकूडकामात आणि तैलचित्रांत जवसाचं तेल वापरतात. ते वाळताना उष्णता बाहेर टाकतं. तेलाची फडकी चुरगळून बंद डब्यात किंवा कपाटात कोंबली, की ती उष्णता आतच साठते आणि फडकी आपोआप पेटू शकतात. ती बाहेर मोकळ्यावर एकेक पसरून वाळवायची, किंवा पाणी भरलेल्या, घट्ट झाकणाच्या धातूच्या डब्यात टाकायची. लपवणारा माणूस नेमकं उलट करतो. रिमोटच्या विमानांच्या आणि ड्रोनच्या लिथियम-पॉलिमर बॅटऱ्या प्रत्येक सेलला ४.२ व्होल्टच्या वर चार्ज करायच्या नसतात, ठेवून द्यायच्या तर सुमारे ३.८ व्होल्टवर ठेवायच्या असतात, आणि चार्जिंगला लावून निघून जायचं नसतं. घर झोपल्यावर कपाटाआड चार्जिंग करणाऱ्याने हे सगळे नियम एकाच रात्री मोडलेले असतात, आणि धोका शेजारच्या खोलीत झोपलेल्यांना असतो, ज्यांना कपाटात काय आहे याचा पत्ता नाही. सोल्डरिंगचा धूर मुख्यतः फ्लक्सचा, म्हणजे सांधा नीट धरावा म्हणून लावलेल्या पदार्थाचा असतो, सोल्डरमधलं शिसं पोटात जातं ते हातांवाटे. हात न धुता लहान मुलाला उचललं, तर ते त्याच्यापर्यंतही पोचतं. थ्रीडी प्रिंटिंगचं कच्चं रेझिन कातडीला लागत राहिलं तर ॲलर्जी जडू शकते, आणि ती एकदा जडली की सहसा जात नाही. कबुतरं किंवा पोपट पाळणाऱ्यांना पिसांच्या आणि विष्ठेच्या धुळीने फुफ्फुसाचा आजार होऊ शकतो. खोकला महिनोन् महिने का जात नाही हे शोधताना डॉक्टर पक्ष्यांविषयी विचारतात, आणि तेव्हा घरचं माणूस शेजारी बसलेलं असतं.

पाण्याखालच्या डायव्हिंगचं उदाहरण तर फार बोलकं आहे. वर येताना घाई झाली, तर शरीरात विरलेल्या नायट्रोजनचे बुडबुडे होतात. सांधे दुखतात, अंगावर चट्टे येतात, हातापायांना मुंग्या येतात, विलक्षण थकवा येतो. बहुतेक वेळा हे पहिल्या २४ तासांतच, म्हणजे पुष्कळदा घरी परतल्यावर दिसतं. घरच्याला डायव्हिंग माहीत असेल तर तो लगेच दवाखान्यात नेईल. 'दिवसभर बैठका होत्या' असं सांगितलं असेल, तर तो पांघरूण घालील. शिवाय आयुर्विम्याच्या अर्जात डायव्हिंग, गिर्यारोहण, पॅराग्लायडिंग, मोटारशर्यती अशा छंदांविषयी प्रश्न असतात. तिथे खोटं लिहिलं तर कंपनी पुढे दावा नाकारू शकते. ते पैसे ज्याला मिळायचे, त्याला आपल्याला दोनदा फसवलं गेलं हे एकाच दिवशी कळतं.

एक सीमारेषा इथेच आखायला हवी. अमेरिकन सायकिॲट्रिक असोसिएशनच्या २०१३ च्या डीएसएम-५ या निदानपुस्तिकेत जुगाराच्या विकाराचे ९ निकष आहेत. बारा महिन्यांत त्यांतले ४ लागू पडले तर निदान होतं, आणि आपण किती खेळतो हे लपवायला खोटं बोलणं हा त्यांतलाच एक निकष आहे. पुढच्या अभ्यासासाठी म्हणून त्याच पुस्तिकेत दिलेल्या इंटरनेट गेमिंगच्या निकषांतही घरच्यांना फसवणं येतं. जुगाराची प्राथमिक चाचणी म्हणून १९९७ मध्ये मांडलेल्या प्रश्नावलीत तर दोनच प्रश्न आहेत: रक्कम वाढवत न्यावीशी वाटली का, आणि जवळच्या माणसांशी त्याबद्दल खोटं बोलावं लागलं का. 'चिडतील' म्हणून लपवणं वेगळं आणि 'थांबवायला सांगतील, आणि मला थांबता येणार नाही' म्हणून लपवणं वेगळं. दुसरं खरं असेल, तर पुढे दिलेल्या वाटण्या आणि करार कुचकामी आहेत. तिथे समुपदेशकाकडे किंवा मानसोपचारतज्ज्ञाकडे जावं.

लोक लपवतात ते सगळेच काही मुळात कपटी नसतात. 'या वयात ही खेळणी?' हे वाक्य दोनदा ऐकलेला माणूस तिसऱ्यांदा दाखवायला येत नाही. पै-पैचा जाब मागणारा जोडीदार आपल्या हाताने समोरच्याला खोटं शिकवतो. तेव्हा हेटाळणी करणाऱ्यालाही यात वाटा घ्यावा लागेल. आणि ज्या घरात मारहाण आहे, धमक्या आहेत, एकजण दुसऱ्याचा फोन, पैसा आणि येणंजाणं मुठीत ठेवतो, तिथे माझं वरचं सगळं म्हणणं मागे घ्या. तिथे लपवून शिकलेली कला आणि लपवून ठेवलेले पैसे ही सुटकेची तयारी असू शकते, आणि तिचा हिशेब मागण्याचा अधिकार कुणालाही नाही.

फुरसतीचं माप तरी दोघांना सारखं कुठे असतं? आंतरराष्ट्रीय कामगार संघटनेच्या २०१८ च्या अहवालानुसार जगभरात विनामोबदला होणाऱ्या घरकामाच्या आणि संगोपनाच्या एकूण तासांपैकी ७६.२ टक्के तास स्त्रियांच्या वाट्याला येतात. म्हणजे बाई छंद लपवते तेव्हा ती वेळ चोरते तो पुष्कळदा स्वतःच्या झोपेतून. पुरुष लपवतो तेव्हा तो वेळ पुष्कळदा तिच्या श्रमातून निघालेला असतो. दोन्ही लपवाछपवी एकाच तराजूत घालणं मला पटत नाही. पण दोन्हींचा उपाय एकाच दिशेला आहे: तास उघड मोजायला बसलं की हा असमतोलही कागदावर येतो. तो येऊ नये म्हणून लपवणारे कमी नाहीत, हेही सांगून टाकतो.

सांगायचं ठरलं, तर आधी कागद तयार करा. मागच्या १२ महिन्यांची बँकेची, कार्डाची, मोबाइल वॉलेटची आणि ॲप-खरेदीची विवरणं काढा. अंदाजाने लिहू नका. अंदाज नेहमी आपल्या बाजूने झुकतो. वस्तू, खर्ची पडणारा माल, वर्गण्या, प्रवास, दुरुस्ती हे वेगवेगळं लिहा. हप्ते आणि उसनवारी असेल तर ती वेगळी. आठवड्याचे सरासरी तास लिहा, जोखीम काय ते लिहा, आणि कुणाकुणाला माहीत आहे तेही लिहा. हा शेवटचा रकाना लिहिताना हात थबकेल. तरी लिहा, कारण तो प्रश्न हमखास येतो.

वेळ अशी निवडा की दोघंही दमलेले नाहीत, मुलं जवळ नाहीत, पुढे दोन तास कुठे जायचं नाही, आणि दुसऱ्या कशावरून भांडण चाललेलं नाही. वस्तू दाखवून सुरुवात करू नका, बोलणं भरकटून वस्तूच्या कौतुकावर नाहीतर किमतीवर जातं. पहिल्या दोन वाक्यांत छंद आणि लपवणं दोन्ही यायला हवं: 'दोन वर्षांपासून मी पॅराग्लायडिंग करतोय आणि ते तुझ्यापासून लपवलं. शनिवारी कामावर जातो म्हणालो, ते खोटं होतं.' 'तू चिडली असतीस म्हणून' हे शेपूट जोडू नका. कारण खरं असलं तरी त्या दिवशी ते आरोपासारखं ऐकू जातं. मग थांबा, गप्प बसा.

जे सांगायचं ते एकाच बैठकीत सांगा. हप्त्याहप्त्याने सांगणं सगळ्यांत घातक ठरतं. आज छंद, पुढच्या आठवड्यात खरी रक्कम, महिन्याने कर्ज, असं झालं की दर खेपेला सावरणं पहिल्यापासून सुरू करावं लागतं, आणि तिसऱ्या खेपेनंतर 'आता काही उरलं नाही' हे वाक्य कुणी मनावर घेत नाही. भावनेच्या भरात 'सगळं विकून टाकतो' असंही म्हणू नका. तो त्याग सहा महिन्यांनी उपकार होऊन परत येतो, आणि वर्षाने चोरून नवी खरेदी होते. पुढचे काही आठवडे तोच प्रश्न पुन्हा पुन्हा विचारला जाईल. तो छळ समजू नका. उत्तर दर वेळी तेच येतं का, हे समोरचा पडताळून पाहतो आहे. तेच उत्तर द्या, वैतागू नका.

ऐकणाऱ्याने छंदाचा आणि खोट्याचा निकाल एकाच दमात लावू नये. 'लाकूड तासण्यात काय ठेवलंय' आणि 'माझ्याशी खोटं बोललास' ही वाक्यं एकत्र आली, की समोरचा पहिल्याला उत्तर देतो आणि दुसरं निसटतं. विवरणं बघायला मागणं रास्त आहे, पण त्याला मुदत घाला, समजा ६ महिने. बिनमुदत पहारा बसवला की आपण जोडीदाराचे वॉर्डन होतो, आणि वॉर्डनला कुणी खरं सांगत नाही.

पुढची व्यवस्था साधी ठेवावी. घरखर्च आणि बचत बाजूला काढल्यावर दोघांसाठी सारखीच, बिनहिशेबी वैयक्तिक रक्कम ठरवावी. कमावणारा एकटा असला तरी सारखीच. महिन्यात उरली तर ती पुढे न्यावी, आणि जुनी वस्तू विकून आलेले पैसे त्याच खात्यात जावेत, म्हणजे संग्रह स्वतःच्या पायावर चालतो. त्या रकमेच्या वरच्या खरेदीला आधी बोलायचं. तासांचंही तसंच: एकजण शनिवारी चार तास बाहेर असेल, तर दुसऱ्याला त्याच आठवड्यात चार तास मिळावेत, 'कधीतरी' नव्हे. एक कपाट ठरवावं, ते भरलं की नवं यायच्या आधी जुनं बाहेर. हा करार कुठे फसतो तेही ठरलेलं आहे. रकमा दिखाव्यापुरत्या, हास्यास्पद कमी ठरवल्या तर तीन महिन्यांत लपवणं पुन्हा सुरू होतं, म्हणून तीन महिन्यांनी आकडे एकदा पुन्हा बघावेत. दुसरी चूक म्हणजे उत्साहाच्या भरात जोडीदाराला छंदात ओढणं. त्याला तो आवडलाच पाहिजे असं नाही. त्याला ठाऊक असलं तर पुष्कळ झालं.

आता समजा, समोरच्याने सांगण्याआधीच तुम्हाला कळलं आहे. पावती सापडली, बँकेचा संदेश दिसला. अशा वेळी बहुतेकांना मोह होतो तो सापळा लावायचा. माहीत असूनही 'काल उशीर का झाला?' विचारायचं, आणि तो खोटं बोलतो का ते बघायचं. बोलतोच तो, अचानक विचारलं की तयार सबब तोंडातून निघतेच. मग दुसरा सापळा, मग तिसरा. तोवर तुमच्याकडेही जोडीदाराला न सांगितलेली एक वही झालेली असते, तारीखवार खोट्यांची. असं करू नका. दोनचार दिवसांत, शांतपणे, काय सापडलं ते तसंच सांगा: 'ही पावती मला मिळाली. मला पूर्ण ऐकायचं आहे. आज नको असेल तर उद्या संध्याकाळी बसू.' एक दिवसाची सवड मुद्दाम द्यावी. पकडला गेलेला माणूस त्या क्षणी जे बोलतो ते बहुधा अर्धंच असतं. रात्रभर विचार करून बसला, तर पुरं सांगण्याची शक्यता वाढते.